मान्सूनच्या आजोळी: मॉरिशसच्या हवेची गोष्ट

जूनचा पहिला आठवडा उलटला आणि कोकणात पाऊस उतरला नाही, की हवामानाच्या बातम्यांत एक नाव हमखास येतं: मस्करीन उच्चदाब. तो जोरात आहे की मंद, यावर आपल्या पावसाची बरीच भिस्त असते. हे मस्करीन म्हणजे हिंदी महासागरातली तीन बेटं: मॉरिशस, रियुनियन आणि रॉड्रिग्ज. त्यांच्या दक्षिणेला, साधारण ३० अंश दक्षिण अक्षांशाच्या आसपास, हवेच्या जास्त दाबाचा एक विस्तीर्ण पट्टा असतो. आपल्या उन्हाळ्यात, म्हणजे तिकडच्या हिवाळ्यात, तो बळावतो. तिथून निघालेले आग्नेय व्यापारी वारे मॉरिशसवरून वायव्येकडे जातात, आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळ विषुववृत्त ओलांडतात, पृथ्वीच्या फिरण्यामुळे उजवीकडे वळतात आणि अरबी समुद्रावरून नैर्ऋत्य मोसमी वारे होऊन आपल्याकडे येतात. सह्याद्रीवर आदळणाऱ्या वाऱ्याचं आजोळ असं तिकडे, आपल्यापासून हजारो किलोमीटरवर आहे.

त्या आजोळची स्वतःची हवा कशी आहे, हे आपण क्वचितच विचारतो. मला तो इतिहास फार महत्त्वाचा वाटतो, कारण वादळ म्हणजे नेमकं काय, हे समजून घेण्यात या इवल्याशा बेटाचा मोठा वाटा आहे.

मॉरिशस २० अंश दक्षिण अक्षांशावर आहे. लांबी साधारण ६५ किलोमीटर, रुंदी ४५. मधोमध पाच-सहाशे मीटर उंचीचं पठार आणि सर्वांत उंच शिखर ८२८ मीटरचं, म्हणजे सिंहगडाहून कितीतरी बुटकं. पण तेवढा उंचवटाही पुरतो. आग्नेयेकडून येणारा दमट वारा चढ चढताना थंड होतो आणि पठारावर वर्षाला चार हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस टाकतो. डोंगर उतरून पश्चिम किनाऱ्यावर पोचेपर्यंत त्याच्यातला ओलावा संपलेला असतो, आणि तिथे जेमतेम आठ-नऊशे मिलिमीटर पडतो. महाबळेश्वर आणि वाई यांच्यातलाच हा फरक, फक्त दिशा उलटी. आपल्याकडे पश्चिमेचा उतार भिजतो आणि पूर्वेकडे पर्जन्यछाया पडते, तिथे पूर्व भिजते आणि पश्चिम कोरडी राहते. पठारावरच्या क्युरपीप गावात छत्री उघडून निघालेला माणूस अर्ध्या-पाऊण तासात राजधानी पोर्ट लुईला लख्ख उन्हात उतरू शकतो.

१८३४ पासून करारबद्ध मजूर या बेटावर येऊ लागले. त्यांत मुंबई बंदरातून गेलेले रत्नागिरी-सावंतवाडीकडचे मराठी लोकही होते. आपल्यासोबत त्यांनी देव नेले, भाषा नेली, पण मृग-आर्द्राचं पंचांग तिथे जुळणं शक्यच नव्हतं. तिथला उन्हाळा नोव्हेंबर ते एप्रिल, आणि पाऊसही मुख्यतः त्याच महिन्यांत. जून ते सप्टेंबर हिवाळा. गणेश चतुर्थीला तिथे आज सार्वजनिक सुट्टी असते, पण कोकणात गणपती भिजत घरी येतो तेव्हा मॉरिशसमध्ये हिवाळा सरत आलेला असतो आणि वर्षातला सर्वांत कोरडा महिना, ऑक्टोबर, तोंडावर असतो. पिढ्यान् पिढ्या अंगात मुरलेलं ऋतुचक्र उलटं करून शिकावं लागलेल्या त्या शेतमजुरांचा विचार मनातून जात नाही.

त्याआधीचा एक प्रसंग हवामानाच्या विचारासाठी मोलाचा आहे. डचांनी १७१० मध्ये बेट सोडलं, १७१५ मध्ये फ्रेंचांनी ते ताब्यात घेतलं. जहाजांसाठी, इंधनासाठी, शेतीसाठी जंगलं झपाट्याने तुटत होती. १७६७ मध्ये पिएर प्वाव्र हे प्रशासक म्हणून आले. झाडं गेली की पाऊस जातो आणि झरे आटतात, अशी त्यांची ठाम धारणा होती. १७६९ मध्ये त्यांच्या काळात नियम झाला: प्रत्येक जमीनधारकाने एक चतुर्थांश जमीन जंगलाखाली ठेवावी, विशेषतः डोंगरउतारावर. हवामान राखण्यासाठी जंगल राखा, असं सरकारी कागदावर सांगण्याची जगातली ही अगदी सुरुवातीची वेळ. झाडं आणि पाऊस यांचं नातं प्वाव्र समजत होते त्याहून गुंतागुंतीचं आहे, हे आज आपल्याला कळतं. तरी माती आणि झरे यांच्याबाबतीत ते बरोबर होते. दुर्दैव असं, की पुढे उसाने सगळं गिळलं. मूळचं चांगलं जंगल आज बेटाच्या दोन टक्क्यांइतकंही उरलेलं नाही.

आता वादळांकडे येऊ. बेटाच्या ईशान्येला, दिएगो गार्सिया बेटाच्या बाजूला, समुद्र साडेसव्वीस अंशांहून अधिक तापला की चक्रीवादळं जन्म घेतात, नैर्ऋत्येकडे सरकतात आणि पुष्कळदा पुढे दक्षिणेला वळतात. बंगालच्या उपसागरातलं वादळ घड्याळाच्या काट्यांच्या उलट फिरतं, तिथलं काट्यांच्या दिशेने. एवढ्या समुद्रात हे बेट म्हणजे एक ठिपका, त्यामुळे वादळाचा डोळाच, म्हणजे मधला शांत भाग, बेटावरून जाणं दुर्मीळ. पण तसं होतं तेव्हा तो दिवस तारखेसकट लोकांच्या लक्षात राहतो.

फेब्रुवारी १८४५ मध्ये ‘चार्ल्स हेडल’ नावाचं शिडाचं जहाज मॉरिशसहून निघालं आणि वादळात सापडलं. जवळपास पाच दिवस ते वाऱ्यापुढे धावत राहिलं, आणि शेवटी परत मॉरिशसजवळच येऊन पोचलं. वादळाने त्याला स्वतःभोवती पाच फेऱ्या मारायला लावल्या होत्या. कोलकात्यात राहणाऱ्या हेन्री पिडिंग्टन यांनी या जहाजाची नोंदवही अभ्यासली. वादळ म्हणजे नुसता सरळ सुटलेला वारा नाही, तो गरगरता भोवरा आहे, याचा याहून बोलका पुरावा कोणता? १८४८ मध्ये त्यांनी अशा वादळांना ‘सायक्लोन’ हे नाव दिलं. सापाच्या वेटोळ्याचा अर्थ असलेल्या ग्रीक शब्दावरून.

त्याच सुमाराला चार्ल्स मेल्ड्रम नावाचे स्कॉटिश शिक्षक मॉरिशसला आले. त्याआधी ते दोनेक वर्षं मुंबईच्या शिक्षण खात्यात होते. १८५१ मध्ये त्यांनी मॉरिशसमध्ये हवामानशास्त्र मंडळ उभं केलं. सुएझ कालवा अजून खुला व्हायचा होता, त्यामुळे युरोप आणि आशियादरम्यानची असंख्य जहाजं पोर्ट लुईला थांबत. मेल्ड्रम त्यांच्या नोंदवह्यांतून वारा, दाब, तापमान उतरवून घेत आणि एकेका दिवसाचा समुद्राचा नकाशा जुळवत. त्यातून त्यांना एक गोष्ट दिसली: वादळातला वारा नेमक्या वर्तुळात फिरत नाही, तो मळसूत्रासारखा आत केंद्राकडे ओढला जातो. ऐकायला किरकोळ वाटेल. पण कप्तान तोपर्यंत एक ढोबळ नियम वापरत: वाऱ्याच्या दिशेशी काटकोनात केंद्र. तो धरून जहाज वळवलं तर कधीकधी थेट वादळाच्या पोटात जाण्याची पाळी येई. इतरांच्या जहाजांच्या वह्या वाचून मेल्ड्रम यांनी किती खलाशांचे प्राण वाचवले असतील, त्याची मोजदाद नाही. पाम्प्लेमूसला उभ्या राहिलेल्या रॉयल आल्फ्रेड वेधशाळेची पायाभरणी १८७० मधली. मेल्ड्रम तिचे प्रमुख होते.

आणि तरीही २९ एप्रिल १८९२ उजाडला. मोठी वादळं एप्रिलच्या मध्यापर्यंतच येतात, असा तेव्हाचा अनुभव होता. त्या दिवशी वादळाचा डोळा बेटावरून गेला. दुपारी वारा अचानक पडला. काही वेळाने तो उलट्या दिशेने, आधीपेक्षा जोरात सुटला आणि पोर्ट लुईचा मोठा भाग त्याने झोपवला. सुमारे १,२०० माणसं गेली. डोळ्यातली शांतता म्हणजे वादळाचा शेवट नसतो, हा धडा तिथल्या लोकांनी इतकी किंमत देऊन घेतला. आजही वादळाच्या हंगामाची मुदत तिथे १५ मेपर्यंत धरतात.

१९६० मध्ये या भागातल्या वादळांना नावं द्यायला सुरुवात झाली. पहिलं ‘आलिक्स’, जानेवारीत. त्यातून लोक सावरत नाहीत तोच २७-२८ फेब्रुवारीला ‘कॅरोल’ आलं. वाऱ्याचे झोत ताशी २५६ किलोमीटर. ४२ जण दगावले, लाकूड-पत्र्याची हजारो घरं नाहीशी झाली, उसाचं अर्ध्याहून अधिक पीक गेलं. आजच्या मॉरिशसचा चेहरा कॅरोलने घडवला असं म्हटलं तर चूक नाही. त्यानंतर सरकारी वसाहती उभ्या राहिल्या आणि हळूहळू स्लॅबची घरं सर्वत्र झाली. फेब्रुवारी १९७५ मध्ये ‘जर्वेझ’ने ताशी २८० किलोमीटरचा झोत नोंदवला, म्हणजे कॅरोलहूनही जास्त, पण बळींची संख्या त्या मानाने पुष्कळ कमी राहिली.

ऊस तिथे टिकला त्यालाही वादळंच कारण. झाडावरचं पीक एका रात्रीत जमीनदोस्त होतं आणि नवं झाड फळायला वर्षं जातात. ऊस लोळतो, मोडतो, पण बुडखा जमिनीत शाबूत असला की खोडवा पुन्हा फुटतो. उसाला खरा फटका बसतो तो दुष्काळाचा. १९९८-९९ मध्ये पाऊस रुसला आणि साखरेचं उत्पादन आदल्या वर्षापेक्षा चाळीस टक्क्यांनी घसरलं. म्हणूनच वादळ बेटाला न धडकता, पण पाऊस देण्याइतक्या जवळून जावं, असं तिथल्या शेतकऱ्याला वाटलं तर नवल नाही. धरणं भरतात ती बरीचशी अशाच पावसावर.

आज ५५ ते ९० अंश पूर्व रेखांशांमध्ये वादळ बळावलं, की त्याला नाव देण्याचं काम मॉरिशसच्या हवामान खात्याचं. वादळाच्या सूचनांचे टप्पे शाळकरी मुलांनाही पाठ असतात. पण आता धोक्याचं रूप बदलतंय. ३० मार्च २०१३ रोजी कोणतंही चक्रीवादळ नव्हतं. पोर्ट लुईवर दोन तासांच्या आत १५२ मिलिमीटर पाऊस कोसळला, भुयारी मार्गात आणि तळघरातल्या पार्किंगमध्ये पाणी घुसलं, ११ जणांचा जीव गेला. जानेवारी २०२४ मध्ये ‘बेलाल’ वादळाच्या पावसात त्याच शहराच्या रस्त्यांवर मोटारी तरंगताना साऱ्या जगाने पाहिल्या. २६ जुलै २००५ ला मुंबईत ज्यांनी रात्र काढली, त्यांना ती दृश्यं समजावून सांगावी लागणार नाहीत. वाऱ्याला तोंड द्यायला बांधलेलं काँक्रीटचं शहर पाण्याला जिरायला जागाच ठेवत नाही.

मेल्ड्रम यांच्या काळापासूनची मोजमापांची सवय इथे कामी येते. १९०५ ते २००७ या शतकभराच्या नोंदी सांगतात, की बेटावरचा वार्षिक पाऊस दर दशकाला सरासरी ५७ मिलिमीटरने घटत आलाय. हिवाळा आणि पावसाळा यांच्यामधला कोरडा काळ लांबतोय. पूर्वी नोव्हेंबरात येणारा उन्हाळी पाऊस आता डिसेंबर उलटेपर्यंत वाट पाहायला लावतो, आणि तोवर पठारावरच्या मार-ओ-वाकोआ या सर्वांत मोठ्या जलाशयाची पातळी रोज थोडी खाली जात राहते.