‘सूचक’ या शब्दाभोवतीचा वाद : पार्श्वभूमी

थोडं दाखवायचं, बरंच सुचवायचं आणि उरलेल्यासाठी ताटकळत ठेवायचं, ही रीत इंटरनेटपेक्षा कितीतरी जुनी. यूट्यूबवर ती २०११-१२च्या सुमारास ठळकपणे दिसली. गाजलेल्या व्हिडिओला व्हिडिओनेच उत्तर देण्याची सोय तेव्हा होती. काही तरुणींनी अशा उत्तरांना खोल गळ्याच्या कपड्यांतले थंबनेल (व्हिडिओ उघडण्याआधी दिसणारं छोटं चित्र) लावले आणि त्यांना भरपूर क्लिक मिळाले. ‘रिप्लाय गर्ल्स’ म्हणून त्यांची हेटाळणी झाली. क्लिक मोजून बक्षीस देणारी यंत्रणा मात्र त्यांनी उभारलेली नव्हती. मार्च २०१२मध्ये यूट्यूबच्या शिफारशींचा भर क्लिकवरून व्हिडिओ पाहण्याच्या वेळेवर गेला. मग नुसतं खेचून भागेना; प्रेक्षकाला धरून ठेवणं आलं.

२०१६मध्ये इन्स्टाग्रामवर २४ तासांत नाहीशा होणाऱ्या स्टोरीज आल्या, पैसे भरून खास मजकूर पाहण्याचं संकेतस्थळ ओन्लीफॅन्सही त्याच वर्षीचं. उघड्या खात्यावर झलक, बायोमध्ये लिंक, बाकीचं पैसे भरल्यावर, अशी वाट रुळली.

खरा गुंता शब्दाचा आहे. मराठीत मौनही सूचक असतं, हसूही. अशा संकेतस्थळांच्या नियमावलीत मात्र ‘सूचक’ म्हणजे लैंगिक इशारा, तोही प्रत्यक्ष काही न दाखवता केलेला. न दाखवलेल्या गोष्टीची हद्द आखायची कशी? ट्विच या थेट प्रक्षेपणाच्या संकेतस्थळाने मे २०२१मध्ये हॉट टबमधल्या (गरम पाण्याच्या टबात बसून केलेल्या) प्रक्षेपणांना बंदीऐवजी वेगळा विभाग दिला. कुणी इतरांना मादक वाटणं हा नियमभंग नाही, असंही स्पष्ट केलं. डिसेंबर २०२३मध्ये कॅमेऱ्याची चौकट खांद्यांपाशी कापून विवस्त्र असल्याचा भास देणारी प्रक्षेपणं गाजली. १३ तारखेला नियम सैल झाले, लेबल लावून कलात्मक नग्नतेलाही वाट मिळाली. दोनच दिवसांत ती सवलत मागे घेतली गेली. एआयने बनवलेलं चित्र आणि खरा फोटो यांतला फरक ओळखणं कठीण, हे एक कारण. जानेवारी २०२४मध्ये विवस्त्र असल्याचा नुसता भास देण्यावरही बंदी आली. तीन आठवड्यांत तीनदा रेघ हलली. जिची रोजीरोटी त्या रेघेवर आहे, तिने कुठल्या तारखेचा नियम खरा मानायचा?

त्या बंदीनंतरही वाट निघाली. शरीराचा एखादा भाग पडद्यासारखा वापरून त्यावरच व्हिडिओ गेम दाखवणं सुरू झालं. मार्चअखेर नवा नियम आला : खासगी अवयवांवर दीर्घकाळ रोखलेला कॅमेरा चालणार नाही.