दिवे मालवल्यावरही थांबणारा कॅमेरा : चैतन्य ताम्हाणे

दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ या पहिल्या चित्रपटात न्यायालयाला उन्हाळी सुट्टी लागते. माणसं उठून जातात, दारं लागतात, दिवे मालवले जातात. कॅमेरा मात्र जागचा हलत नाही. पडदा पुरता काळा होतो आणि चित्रपट संपला असं वाटतं. मग न्यायाधीश नातेवाइकांसह रिसॉर्टवर सहलीला गेलेले दिसतात. ताम्हाणेंची शैली समजून घ्यायला मला हीच जागा सगळ्यात जवळची वाटते.

त्यांचा जन्म मुंबईतला, १९८७ सालचा. मिठीबाई महाविद्यालयात इंग्रजी साहित्य शिकले. एक माहितीपट, एक नाटक आणि ‘सिक्स स्ट्रँड्स’ हा लघुपट, एवढीच शिदोरी. त्या नाटकात काम केलेले विवेक गोंबर पुढे ‘कोर्ट’चे निर्माते झाले आणि बचाव पक्षाचे वकीलही. पहिल्याच चित्रपटासाठी असा पाठीराखा भेटला नसता, तर इतक्या सावकाश काम करणं जमलं असतं का, शंकाच आहे.

कथेतला नारायण कांबळे शाहीर. त्याचं गाणं ऐकून मॅनहोलमध्ये उतरणाऱ्या एका सफाई कामगाराने जीव दिला, असा आरोप. ही भूमिका केली नागपूरचे आंबेडकरी कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी आणि गाणी संभाजी भगत यांची. चळवळीचा आवाज चळवळीतूनच आला, म्हणून तो कुठेही बेगडी वाटत नाही. बाकीच्या भूमिकांतही सराईत नट मोजकेच. गीतांजली कुलकर्णींची सरकारी वकील कोर्ट सुटल्यावर लोकलने घरी जाते, स्वयंपाकाला लागते, घरच्यांबरोबर नाटक बघते. त्या नाटकात परप्रांतीयांची टिंगल होते आणि प्रेक्षागृह हसतं. तिला खलनायिका केलेलं नाही. आपल्याच शेजारणीसारखी आहे ती, आणि म्हणूनच तो प्रसंग मराठी प्रेक्षकाला जास्त बोचतो.

२०१४मध्ये व्हेनिस महोत्सवात ‘कोर्ट’ ‘ओरिझोन्ती’ विभागात सर्वोत्तम ठरला, पदार्पणाचा पुरस्कारही मिळाला. त्यानंतर सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार आणि भारताकडून ऑस्करसाठी निवड.

पुढच्या चित्रपटाला सहा वर्षं लागली. मधल्या काळात त्यांना मेक्सिकन दिग्दर्शक अल्फोन्सो कुआरोन यांचं मार्गदर्शन लाभलं. शास्त्रीय गायन शिकणाऱ्या शरदची गोष्ट सांगणारा ‘द डिसायपल’ व्हेनिसच्या मुख्य स्पर्धेत गेला आणि पटकथेचा पुरस्कार घेऊन आला. इथेही तोच आग्रह : शरद झालेले आदित्य मोडक शास्त्रीय गायक, गुरुजी झालेले अरुण द्रविड जयपूर घराण्याचे. शरद रात्री रिकाम्या रस्त्यांवरून मोटारसायकल चालवत असतो आणि कानात गुरुजींच्या गुरू ‘माईं’ची जुनी भाषणं. साधनेबद्दल सांगणारा तो करडा आवाज दिग्दर्शिका सुमित्रा भावे यांचा. चित्रपट ३० एप्रिल २०२१ला नेटफ्लिक्सवर आला. त्याआधी अकरा दिवस सुमित्राताई गेल्या. त्याच एप्रिलमध्ये, त्यांच्याही आधी काही दिवस, करोनाने वीरा साथीदारांना नेलं होतं.