पाहुणा कुणाच्या अटीवर? कुमाऊं-गढवालच्या होमस्टे ट्रेकची पार्श्वभूमी

उत्तराखंडातल्या पिंडारी हिमनदीच्या ट्रेकचा कार्यक्रम आजकाल कुणाकडूनही मागवा, त्यात एक ओळ बहुधा असतेच: ‘मुक्काम – खाती गाव, होमस्टे.’ खरकियापर्यंत जीप, तिथून थोडी पायी चाल, की पिंडर नदीच्या खोऱ्यातलं हे त्या वाटेवरचं शेवटचं वस्तीचं गाव लागतं. बरोबर जवळपासच्याच गावातला गाईड, सामानाला खेचर आणि रात्री कुणाच्या तरी घरी मडुव्याची, म्हणजे आपल्या नाचणीची, भाकरी. ही सगळी पर्यटन खात्याची अलीकडची कल्पना असावी असं वाचणाऱ्याला वाटतं. होमस्टे हे नाव नवं आहे हे खरंच. पण परक्या माणसाला रात्रीचा आसरा देणं, त्याचं ओझं वाहणं, त्याला वाट दाखवणं ही कामं या डोंगरातली माणसं निदान दोनशे वर्षं करत आली आहेत. त्यातली बरीच वर्षं त्यांना कुणी विचारलेलंही नव्हतं.

आधी यात्रेकरूंची गोष्ट. बद्री-केदारच्या वाटेला मोटाररस्ता नव्हता तेव्हा सगळी यात्रा पायी व्हायची आणि वाटेवर ठरावीक अंतरावर ‘चट्टी’ असायची. हनुमान चट्टी, शिवाय यमुनोत्रीच्या वाटेवरच्या जानकी चट्टी, फूल चट्टी ही नावं आजही नकाशावर आहेत, ती त्याच काळातली. चट्टी म्हणजे एक लांबट पडवी, वर गवताचं किंवा दगडी पाट्यांचं छप्पर आणि लगतच दुकान. राहण्याचे पैसे नसत. स्वयंपाकाची भांडीही दुकानदारच द्यायचा. अट एवढीच, की पीठ, डाळ, तूप आणि सरपण त्याच्याकडून विकत घ्यायचं. खोली फुकट आणि नफा पिठात, असा तो चोख व्यवहार होता. यात्रेकरू आपापली चूल मांडून स्वतः रांधत, त्यामुळे सोवळ्याचा प्रश्नही परस्पर मिटायचा. पुढे काली कमलीवाले बाबा म्हणून ओळखल्या गेलेल्या स्वामी विशुद्धानंदांनी या वाटांवर धर्मशाळा आणि सदावर्तं उभी केली, तेव्हा ज्यांच्याकडे पिठालाही पैसे नव्हते त्यांचीही सोय झाली.

एक गोष्ट मात्र नजरेआड करू नये. चट्टीवाला यजमान असला तरी पाहुणा त्याच्या घरात येत नव्हता. पडवीपर्यंत यात्रेकरू आणि उंबऱ्याच्या आत घरचे, ही रेघ दोन्ही बाजूंना मान्य होती.

ही रेघ मोडली ती साहेबाच्या दौऱ्यांनी, आणि तीही वेगळ्याच तऱ्हेनं. १८१५ मध्ये कुमाऊं गोरख्यांकडून इंग्रजांकडे आलं. डोंगरात गाडीरस्ते नव्हते. अधिकारी, सर्वेक्षक, शिकारी सगळे पायी किंवा डांडीत, म्हणजे माणसांनी खांद्यावर वाहायच्या खुर्चीत, बसून फिरायचे आणि त्यांचं सामान माणसांच्या पाठीवरून जायचं. ही माणसं मिळवायची जी पद्धत होती तिला ‘कुली-बेगार’ म्हणत. तिचे तीन प्रकार होते. बेगार म्हणजे बिनपगारी ओझं वाहणं. ‘कुली-उतार’ म्हणजे तेच काम, पण नावापुरती मजुरी, आणि तीही हातात पडेलच याची खात्री नाही. तिसरा प्रकार ‘कुली-बर्दायश’. साहेबाचा तळ पडला की गावानं दूध, तूप, धान्य, भाजी, सरपण, घोड्याला गवत, सगळं आणून द्यायचं. या विषयाच्या दृष्टीनं मला तिसरा प्रकार सगळ्यात बोलका वाटतो. पाहुणचार म्हणून जे जे दिलं जातं ते सगळं त्या यादीत आहे. फक्त पाहुण्याला ‘या’ म्हणायचा हक्क तेवढा गावाकडे नव्हता.

कुणाच्या घरातून किती माणसं न्यायची याचं रजिस्टर गावच्या पधानाकडे, म्हणजे मुखियाकडे, असे. नाव निघालं की नांगर टाकून जावं लागे, मग पेरणी असो की कापणी. १४ जानेवारी १९२१ ला, मकर संक्रांतीच्या म्हणजे तिकडच्या उत्तरायणीच्या जत्रेत, बागेश्वरला शरयू आणि गोमतीच्या संगमावर हजारो लोक जमले. बद्रीदत्त पांडे, हरगोविंद पंत, चिरंजीलाल ही मंडळी पुढे होती. लोकांनी शरयूचं पाणी हातात घेऊन यापुढे बेगार करणार नाही अशी शपथ घेतली आणि पधानांनी आणलेली रजिस्टरं नदीत फेकली. तिथल्या अधिकाऱ्याला काही करता आलं नाही. बेगार संपली ती तिथून. पिंडारीच्या ट्रेकला बागेश्वरवरूनच जातात. तिथं चहाला थांबणाऱ्या आपल्यातल्या किती जणांना आपण नेमके कुठे उभे आहोत हे माहीत असतं, कोण जाणे.

त्याच काळात वाटाड्यांचीही एक परंपरा घडत होती. पिंडारीच्या माथ्यावरची खिंड नकाशात ‘ट्रेल पास’ या नावानं आहे. जी. डब्ल्यू. ट्रेल हा कुमाऊंचा सुरुवातीचा कमिशनर. १८३० साली ही वाट शोधून पार करणारा माणूस म्हणजे जवळच्याच सुपी गावचा मलक सिंह, पण खिंडीला नाव लागलं साहेबाचं. जोहार खोऱ्यातल्या मिलम गावचे नैन सिंह रावत त्यामानानं नशीबवान. इंग्रजांच्या सर्वेक्षणासाठी १०८ ऐवजी १०० मण्यांची माळ ओढत आणि मैलाला दोन हजार पावलं मोजत ते यात्रेकरूच्या वेषात ल्हासापर्यंत जाऊन आले, आणि १८७७ मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीनं त्यांना सुवर्णपदक दिलं.

साहेब राहायचा डाकबंगल्यात. लोहारखेत, ढाकुडी, खाती, द्वाली, फुरकिया असे पिंडारीच्या वाटेवर एकेका मुक्कामाच्या अंतरानं बंगले बांधले गेले. स्वातंत्र्यानंतर त्याच टप्प्यांवर कुमाऊं मंडल विकास निगम या सरकारी महामंडळाची विश्रामगृहं आली. आज जो ‘अमुक दिवसांचा पिंडारी’ आपण करतो त्यातले मुक्काम बरेचसे या बंगल्यांनी ठरवून दिलेले आहेत.

तिबेटच्या सीमेकडच्या खोऱ्यांचं गणित निराळं होतं. जोहार, दारमा, नीती, माणा इथले शौका, मार्च्छा, तोल्च्छा हे लोक (सरकारी कागदात सगळे ‘भोटिया’) उन्हाळ्यात शेळ्यामेंढ्यांच्या पाठीवर धान्य आणि गूळ लादून खिंडी ओलांडायचे, येताना मीठ, लोकर आणि टाकणखार आणायचे. वाट, मुक्काम, हवामान हे त्यांच्या पोटापाण्याचं ज्ञान होतं. १९६२ च्या युद्धानंतर खिंडी बंद झाल्या आणि हा व्यापार जवळजवळ एका फटक्यात संपला. मिलम, मारतोलीसारख्या गावांतली घरं तेव्हापासून ओस पडत गेली. आज मिलमच्या ट्रेकला जाणारा माणूस कोरीव चौकटींची, छप्पर बसलेली घरं पाहून ‘किती जुनं गाव’ म्हणतो. ते गाव मोडून अजून शंभर वर्षंही झालेली नाहीत.

नीती खोऱ्याच्या तोंडाशी असलेल्या लाता आणि रैणी या गावांवर तर धंदा बुडण्याचा हा प्रसंग दोनदा आला. १९७४ हे साल तिथं दोन कारणांनी लक्षात राहिलं. मार्चमध्ये रैणीच्या गौरा देवी आणि गावातल्या बायांनी झाडांना कवटाळून ठेकेदाराची माणसं परतवली, तेच चिपको. आणि त्याच वर्षी ७,८१६ मीटर उंचीच्या नंदादेवीचा परिसर गिर्यारोहकांना खुला झाला. व्यापार बुडालेल्या या गावांना बारा वर्षांनी दुसरा धंदा मिळाला. पोर्टर म्हणून, गाईड म्हणून, मोहिमांना शेळ्यामेंढ्या आणि शिधा पुरवून हातात पैसा येऊ लागला. पण वर कचरा साचला, सरपणासाठी झाडं गेली, शिकार वाढली. १९८२ मध्ये राष्ट्रीय उद्यान जाहीर झालं आणि लगेच पुढच्या वर्षी आत जाणं पूर्ण बंद. मोहिमांबरोबर गावांची चराईची कुरणंही गेली. घाण कुणी केली आणि शिक्षा कुणाला झाली, हा लातावाल्यांचा प्रश्न तेव्हापासूनचा.

१९९८ मध्ये गावकरी बंदी मोडून उद्यानाच्या आतल्या, गाभा क्षेत्रात शिरले. आंदोलनाचं नावच ‘झपटो छीनो’, म्हणजे झडप घाला, हिसकावून घ्या. ऑक्टोबर २००१ मध्ये लाता गावात एक जाहीरनामा झाला. पर्यटन हवं, पण ते स्थानिकांच्या हातात, कुणा एकाची मक्तेदारी नको, पोर्टर-गाईडला योग्य मजुरी आणि कामाची माणुसकीची परिस्थिती, बायकांना बरोबरीची जागा, असा त्याचा आशय होता. २००३ पासून ठरावीक वाटेपुरता आणि मर्यादित संख्येनं प्रवेश पुन्हा सुरू झाला. उत्तराखंडातल्या गावकेंद्री पर्यटनाची खरी सुरुवात मी या कागदापासून धरतो, कारण त्यात खाटा किती आणि टॉयलेट कसं याच्या आधी ‘ठरवणार कोण’ हा मुद्दा आहे.

दरम्यान ‘ट्रेकिंग’ हा धंदा दुसरीकडे आकाराला आला होता. ब्रिटिश गुरखा फौजेतून निवृत्त झालेल्या जिमी रॉबर्ट्स यांनी १९६४ मध्ये काठमांडूत कंपनी काढली आणि पुढच्या वर्षी तीन अमेरिकन महिलांना घेऊन पहिला व्यावसायिक ट्रेक नेला. पद्धत गिर्यारोहण मोहिमेची: तंबू, स्वयंपाकी, शिधा सगळं बरोबर. गावाकडून काही लागतच नाही. आपल्याकडच्या कंपन्यांनी पुढे हीच पद्धत उचलली आणि तंबू थेट बुग्यालांवर, म्हणजे उंचावरच्या कुरणांवर, लागू लागले. नेपाळमध्येच १९९७ मध्ये स्यांग्जा जिल्ह्यातल्या सिरुबारी या गुरुंग गावानं याच्या अगदी उलट वाट धरली. पाहुणे गावात येणार, कुणाच्या घरी कोण राहणार हे गावची समिती ठरवणार.

लडाखमध्ये निमित्त झालं हिमबिबट्याचं. हेमिस राष्ट्रीय उद्यानातल्या रुंबकसारख्या गावांत बिबट्या रात्री गोठ्यात शिरून शेळ्यामेंढ्या मारायचा आणि लोक त्याच्या जिवावर उठायचे. स्नो लेपर्ड कन्झर्व्हन्सीनं एकीकडे गोठ्यांवर जाळीचं छत घालून दिलं आणि दुसरीकडे २००२ च्या सुमारास गावातली घरं ट्रेकरसाठी खुली केली. पाहुणे पाळीपाळीनं वाटायचे, मिळकतीतला दहा टक्क्यांच्या आसपास वाटा गावच्या संवर्धन निधीत टाकायचा. जिवंत बिबट्या मेलेल्या बिबट्यापेक्षा फायद्याचा ठरला.

कुमाऊंत हे काम केलं सरमोलीच्या बायकांनी. मुनस्यारी या डोंगरी गावाला लागून असलेलं हे गाव, समोर पंचाचुलीची शिखरं. २००४ पासून तिथं होमस्टे चालतात आणि त्याची नाळ गावच्या वनपंचायतीशी जोडलेली आहे. वनपंचायत म्हणजे गावानं निवडलेल्या मंडळानं सांभाळायचं गावचं जंगल. कुमाऊंत ही सोय १९३१ पासूनची. पाहुण्याच्या पैशाचा वाटा जंगलाला जातो आणि व्यवहार घरातल्या बाईच्या हातात राहतो. २०२३ मध्ये केंद्राच्या पर्यटन मंत्रालयानं सरमोलीला देशातलं सर्वोत्तम पर्यटन गाव ठरवलं.

जुन्या कुमाऊनी घरात खाली ‘गोठ’ (आपला गोठाच), तिथं गायीगुरं. वर माणसं, आणि आतल्या अंगाला चूल. होमस्टेत संध्याकाळी पाहुण्याला बोलावतात ते या चुलीपाशी. घरची बाई पाट्यावर मीठ, मिरची, लसूण आणि भाजलेलं भांगाचं बी वाटत असते, ते ‘पिस्यूं लूण’. लोखंडी कढईत भट्टाची, म्हणजे काळ्या सोयाबीनची, चुडकाणी रटरटत असते. डोळ्यांना धूर लागतो, पाठ गार आणि पोटऱ्या गरम. चट्टीवर यात्रेकरूला पडवीत ठेवणारे ते हेच डोंगर. परजातीचा, परप्रांतातला माणूस थेट चुलीपाशी बसतो, हा बदल मला तरी कुठल्याही योजनेपेक्षा मोठा वाटतो. सगळ्या घरांत आणि सगळ्या जातींसाठी तो सारखाच झाला आहे असं मात्र समजू नये.

होमस्टेची सरकारी योजना आली २०१८ मध्ये, दीनदयाल उपाध्याय यांच्या नावानं. एक ते सहा खोल्या, मालकानं त्याच घरात राहायला हवं, बांधकामाला आणि दुरुस्तीला अनुदानाचं कर्ज. हेतू उघड होता. गावं सोडून जाणाऱ्यांचा अभ्यास करणाऱ्या राज्याच्या पलायन आयोगानं त्याच वर्षी सांगितलं होतं, की २०११ नंतर ७३४ गावं पूर्ण रिकामी झाली. ऑगस्ट २०१८ मध्ये नैनीतालच्या उच्च न्यायालयानं बुग्यालांवर रात्रीच्या मुक्कामाला बंदी घातली आणि दिवसाला दोनशे पर्यटकांची मर्यादा घातली. ‘बेदिनी’ आणि ‘आली’ या बुग्यालांवरचे तंबू उठले, रूपकुंड ट्रेकचा मोठा धंदा बसला. माणसं खाली वाण, लोहाजंग अशा गावांत मुक्कामाला येऊ लागली. तंबूवाल्या ट्रेकनं पन्नास वर्षं ओलांडून पुढे नेलेलं गाव असं कोर्टाच्या हुकमानं पुन्हा वाटेवर आलं. ज्यांचं पोट बुग्यालावरच्या तंबूंवर होतं ते स्थानिक पोरगे अर्थात या निकालावर खूश नव्हते.

आता नावाचा गैरवापरही भरपूर आहे. शहरातल्या माणसानं जमीन भाड्यानं घेऊन सिमेंटच्या सहा खोल्या काढायच्या, गावातला एक मुलगा पगारावर ठेवायचा आणि पाटीवर ‘होमस्टे’ रंगवायचं. मालकानं तिथंच राहावं हा नियम कागदावर असतो. ओळखायची एक साधी खूण आहे: जेवताना घरचं कुणी समोर बसलेलं आहे का.

आणि एक वही असते. होमस्टेवाल्याला पाहुण्यांची नोंद ठेवावी लागते, तेव्हा पोहोचल्यावर चहाच्या आधी किंवा लगेच नंतर ती पुढे येते. दोरीनं बांधलेलं पेन, आखलेले रकाने. नाव, गाव, आधार क्रमांक, कुठून आलात, पुढे कुठे जाणार. घरची बाई शेजारी उभी राहून कुठल्या रकान्यात काय लिहायचं ते सांगते, आणि पाहुणा खाली मान घालून आपलं नाव लिहितो.