चिलमीची झाली हंडी: डेनिस सीटन आणि म्युझिकल यूथ

सप्टेंबर १९८२. 'पास द डची' नावाचं एक रेगे (जमैकाच्या संगीतशैलीतलं) गाणं ब्रिटनच्या क्रमवारीत २६ व्या क्रमांकावर आलं आणि पुढच्याच आठवड्यात थेट पहिल्यावर जाऊन बसलं. तीन आठवडे तिथून हललं नाही. ते गाणाऱ्या 'म्युझिकल यूथ' या बँडचा मुख्य गायक डेनिस सीटन १५ वर्षांचा होता. आणि कीबोर्ड, गिटार, ड्रम सांभाळणाऱ्या त्याच्या सोबत्यांतला केल्विन ग्रँट तर अवघा ११ वर्षांचा.

गंमत म्हणजे डेनिस या बँडमध्ये सगळ्यांत उशिरा आला. 'म्युझिकल यूथ'ची सुरुवात १९७९ मध्ये बर्मिंगहॅमच्या डडस्टन मॅनर शाळेतली. दोन ग्रँट भाऊ, दोन वेट भाऊ. पुढे उभं राहून गायचे ते वेट भावांचे वडील, फ्रेडरिक. ते पूर्वी जमैकाच्या 'द टेक्निक्स' या गटात गायलेले. १९८२ मध्ये एमसीए या रेकॉर्ड कंपनीशी करार झाला आणि त्यांच्या जागी डेनिस आला. पोरांच्या बँडपुढे बापमाणूस उभा राहणं कंपनीला विकायला अवघडच गेलं असतं.

गाण्याचंही असंच झालं. मूळ गाणं जमैकाच्या 'द मायटी डायमंड्स' या गटाचं, 'पास द कूची'. त्याची चाल त्याहून जुनी, १९६०च्या दशकातल्या स्टुडिओ वन या जमैकन रेकॉर्डिंग स्टुडिओची. कूची म्हणजे गांजा ओढायची चिलीम. शाळकरी पोरांच्या तोंडी ती कशी चालणार? मग कूचीची डची झाली. डची म्हणजे जमैकाच्या स्वयंपाकघरातलं जाड बुडाचं भांडं, आपल्याकडची हंडीच म्हणा ना. मूळ ओळीत गांजा नसल्याची तक्रार होती, तिथे अन्न नसल्याची आली. पण गाण्यात भांडं 'डावीकडे' सरकवायचं, ते मात्र तसंच राहिलं. तो रिवाज चिलमीचा. हंडी कुणी डावीकडे फिरवत नाही.

चित्रफीत डॉन लेट्स यांनी लंडनला थेम्सच्या काठावर चित्रित केली. मागे ब्रिटनची संसद. तेव्हा कृष्णवर्णीय कलाकारांना जवळपास जागाच न देणाऱ्या एमटीव्ही या संगीतवाहिनीवर झळकलेल्या पहिल्या काहींत ही पोरं होती. पुढे अमेरिकन गायिका डोना समरसोबत गाणं झालं, सर्वोत्कृष्ट नवोदित कलाकारासाठी ग्रॅमीचं नामांकनही मिळालं. दुसरा अल्बम १९८३ मध्ये आला, पण पहिल्यासारखा चालला नाही. १९८५ मध्ये डेनिस बाहेर पडला. बँड तिथेच संपला. तेव्हा तो १८ वर्षांचा. या वयात आपल्याकडे पोरं बारावीच्या निकालाची वाट बघत असतात.

१९८९ मध्ये त्याने एकट्याचा अल्बम काढला, तो फारसा कुणाच्या लक्षात नाही. बास वाजवणारा पॅट्रिक वेट १९९३ मध्ये हृदयविकाराने गेला, २४ व्या वर्षी. २००१ मध्ये डेनिस आणि मायकल ग्रँट दोघेच 'म्युझिकल यूथ' म्हणून पुन्हा उभे राहिले.

२०२२ च्या उन्हाळ्यात 'स्ट्रेंजर थिंग्ज' मालिकेमुळे 'पास द डची' नव्या पोरांच्या कानावर पडलं. त्याच जुलैत ड्रमर ज्युनियर वेटही गेला.