तारिक: दार ठोठावणारा की सोडून जाणारा?

मोमिनपुऱ्यातल्या मित्राला नातू झाला. सातव्या दिवशी अकीका (बाळ जन्मल्यानंतरचा विधी), म्हणजे नाव त्याआधी पक्कं हवं. घरातल्या पोरांनी मोबाईलवर 'तारिक' शोधलं, तर एकीकडे अर्थ 'रात्रीचा तारा', दुसरीकडे 'त्याग करणारा'. "यातलं खरं कोणतं बे?" मित्राने फोनवर विचारलं.

अर्थ दोन्ही खरे, पण नावं दोन आहेत. पहिलं अरबी-उर्दू लिपीतल्या 'तोय' या अक्षराने सुरू होतं आणि घशातून निघणाऱ्या 'क़ाफ'वर संपतं. दुसऱ्यात साधा 'ते' आणि साधा 'काफ'. मराठीत लिहिलं की दोन्हींचं 'तारिक' होतं.

अरबी शब्दाचा अर्थ व्यंजनांत असतो, बहुधा तीन. हाच त्या शब्दाचा धातू, म्हणजे मूळ. स्वर फक्त साचा ठरवतात. पहिल्या व्यंजनाला 'आ', दुसऱ्याला 'इ' लागला की ते काम करणारा: साबिर, शाकिर, नासिर. तोयवाल्या धातूचा अर्थ ठोठावणे. रात्री येणाऱ्याला दार ठोठवावंच लागतं, म्हणून तारिक म्हणजे रात्रीचा पाहुणा, आणि तिथून रात्री उगवणारा तारा. कुराणाच्या 86व्या सुरेचं, म्हणजे अध्यायाचं, नाव हेच. 711 साली स्पेनमध्ये उतरलेला सेनापती तारिक इब्न झियादही याच स्पेलिंगचा. 'जबल तारिक', म्हणजे तारिकचा डोंगर, याचंच पुढे जिब्राल्टर झालं. दुसरा धातू सोडण्याचा.

धातूची गंमत मित्राच्या पत्त्यातच आहे. अ-म-न म्हणजे निर्धास्तपणा, विश्वास. त्यातून मोमिन, इमान, अमीन, आमिना. भाड्याच्या खोलीसाठी आपण भरतो ती 'अनामत'ही मुळात अमानत. मराठीत येताना म आणि न यांनी जागा बदलल्या. जुने अरबी कोशही धातूंवरच लावलेले. 13व्या शतकातल्या इब्न मंझूरच्या 'लिसान अल-अरब'मध्ये तर धातू शेवटच्या व्यंजनानुसार येतात. तारिकला 'त'मध्ये शोधणारा तिथून हात हलवत परत येईल.

मुळात नाव अरबी आहे का, हेही बघावं लागतं. एक सोपी खूण: प्रमाण अरबीत प, च आणि ग नाहीत. म्हणून परवीन, गुलनाज फारसी. फिरोज मात्र फसवतो. मूळ फारसी 'पेरोझ', विजयी. अरबीच्या वळणाने प चा फ झाला. आणि आपले नागपूरच्या ताजबागचे सूफी संत ताजुद्दीनबाबा (1861–1925)? 'धर्माचा मुकुट'. यातला 'दीन' अरबीतून आला, पण 'ताज' अरबांनीच इराणी भाषेतून उचललेला. मधला 'अल' द ला भिडला की त्याचा ल गळतो आणि द दुप्पट होतो, म्हणून 'ताजुलदीन' कुणी म्हणत नाही. हे न कळल्यामुळेच 'अब्दुल' सुटं नाव झालंय. अब्दुल म्हणजे 'अमुकचा सेवक'. अमुक कोण, ते पुढच्या शब्दात. अब्दुल करीमला नुसतं अब्दुल म्हणणं म्हणजे रामदासला 'चा दास' म्हणणं!

मित्राला म्हटलं, नाव कुणी सुचवलं त्यांच्याकडून उर्दूत लिहून घे. संध्याकाळी फोटो आला. त्याच्या आईने लसीकरणाच्या कार्डामागे बॉलपेनने लिहिलं होतं. सुरुवात तोयची.