जमिनीचा दावा आणि कॅमेऱ्याची चौकट

१९५७ साली पश्चिम ऑस्ट्रेलियाचे आमदार बिल ग्रेडन आणि मूलनिवासी पाद्री डग निकल्स यांनी वॉरबर्टन डोंगररांगांत चित्रीकरण केले. उपाशी, आजारी माणसांची ती दृश्ये मेलबर्नमध्ये सभांतून दाखवली गेली आणि लोक हादरले. पुढच्याच वर्षी ॲडलेडमध्ये मूलनिवासी हक्कांची देशव्यापी परिषद स्थापन झाली. तरी प्रेक्षकांच्या मनात राहिली ती उपासमार; जमीन मागेच पडली.

१९७१ मध्ये उत्तर ऑस्ट्रेलियातल्या गोव्ह द्वीपकल्पावरच्या बॉक्साइट खाणीविरुद्धचा खटला तिथले मूलनिवासी योल्ङु लोक हरले. त्यांच्याकडे स्वतःचा कायदा आहे हे न्यायाधीशांनी मान्य केले, पण त्या कायद्याने येणारे जमिनीशी नाते ‘मालमत्ता’ ठरत नाही, असा निकाल दिला. जानेवारी १९७२ मध्ये पंतप्रधान मॅकमहन यांनी मालकीऐवजी ५० वर्षांचे भाडेपट्टे देऊ केले. लगेच २६ जानेवारीला निषेध म्हणून कॅनबेरात संसदेसमोर मूलनिवासी आंदोलकांची तंबूंची ‘वकिलात’ उभी राहिली. जुलैत पोलिसांनी ती उखडली. चित्रपटकार अलेसांद्रो कावादिनी यांच्या ‘निंगला आ-ना’ या माहितीपटात हा संघर्ष आंदोलकांच्या बाजूने टिपला आहे.

खरी कसोटी लागली ती १९७६ च्या नॉर्दर्न टेरिटरी जमीनहक्क कायद्यानंतर. एका वंशाचा गट, त्या जागेशी आध्यात्मिक नाते, तिची मुख्य जबाबदारी आणि तिथे अन्न गोळा करण्याचा परंपरागत हक्क, एवढे सगळे दावा करणाऱ्यांना सिद्ध करावे लागे. पहिली सुनावणी नॉर्दर्न टेरिटरीतल्याच बोरोलूला या गावाच्या दाव्याची झाली. तिथल्या यान्युवा लोकांत वडिलांकडून हक्क आलेले ते ‘ङिमारिंगकी’ आणि आईकडून राखणीची जबाबदारी आलेले ते ‘जुंगकायी’. दोघांशिवाय जागेबद्दलचे बोलणे पुरे होत नाही. सुरुवातीच्या दाव्यांत मात्र कायद्याने फक्त पितृवंशच मोजला.

म्हणूनच कावादिनी आणि कॅरोलिन स्ट्रॅचन यांनी बोरोलूलाच्या लोकांसोबत केलेला ‘टू लॉज’ (‘दोन कायदे’) हा चित्रपट मोलाचा आहे. काय दाखवायचे, कसे दाखवायचे, हे बैठकीत ठरे. १९३३ मधली पोलिसांची धरपकड लोकांनी स्वतःच अभिनयातून उभी केली. भिंगही विचार करून निवडलेले, रुंद कोनाचे. एकाच चेहऱ्याचा क्लोज-अप घेतला की तो माणूस एकटाच मालक वाटतो. साक्षीला बसलेला जुंगकायी चौकटीबाहेर जातो. कोण कुणाशेजारी बसला आहे, यातच नाते कळते आणि नात्यातूनच बोलण्याचा अधिकार येतो.

अशा चित्रीकरणातल्या अडचणी साध्या, पण घातक असतात. १६ मिमी फिल्मचे ४०० फुटी रीळ सुमारे ११ मिनिटांत संपते. वडीलधाऱ्यांची चर्चा तोवर नुकतीच सुरू झालेली असते. फक्त पुरुषांनी किंवा फक्त बायकांनी पाहायचे विधी चुकून चित्रित झाले, तर ते रीळ खुलेपणाने दाखवता येत नाही. अनेक समूहांत माणूस गेल्यावर त्याचे नाव आणि चित्र काही काळ वर्ज्य असते. कोण, कुठे आणि कोणाच्या परवानगीने, ही नोंद प्रत्येक रिळासोबत ठेवलेली नसेल, तर एका मृत्यूमुळे अख्खा संग्रह कुलपात जातो.