वैवाहिक तडजोडीनंतर गुन्हा रद्द होणे

नवरा-बायकोतला वाद समजुतीने मिटल्यावर, सासरच्या छळाबद्दल पत्नीने नोंदवलेला गुन्हा उच्च न्यायालयाकडून रद्द करून घेण्याची भारतातील प्रक्रिया. वकील तिला ‘क्वॉशिंग’ म्हणतात, घरोघरी ‘केस मागे घेणे’ म्हणतात. हा दुसरा शब्द दिशाभूल करणारा आहे. पोलीस ठाण्यात गुन्हा दाखल झाला की खटला राज्य सरकार चालवते. फिर्यादी बाई त्यात साक्षीदार असते. ‘आमचं मिटलं’ असा अर्ज ठाण्यात दिल्याने काही संपत नाही. दंडाधिकाऱ्यांपुढच्या तारखा पडतच राहतात, तेव्हा कुठे हे अनेकांच्या लक्षात येते.

भारतीय दंड संहितेत ४९८अ हे कलम १९८३ मध्ये आले. पती किंवा त्याच्या नातेवाइकांनी केलेल्या क्रूरतेला तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड अशी त्यात शिक्षा होती. १ जुलै २०२४ पासून हा अपराध दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ व ८६ मध्ये आहे. पक्षकारांना आपसात मिटवता येतील अशा अपराधांच्या यादीत तो पूर्वीही नव्हता, आजही नाही. यामागचे कारण रास्त आहे: मार खाल्लेल्या बाईवर ‘जाऊ दे, मिटव’ असा दबाव सासरइतकाच माहेरूनही येतो. आंध्र प्रदेशाने २००३ मध्ये राज्यापुरती दुरुस्ती करून न्यायालयाच्या परवानगीने तडजोडीची वाट खुली केली होती. मुंबई उच्च न्यायालयानेही २०२२ मध्ये तशी तरतूद करण्याबाबत केंद्राला विचार करायला सांगितले.

प्रत्यक्षात वाट काढली ती सर्वोच्च न्यायालयाने. बी. एस. जोशी विरुद्ध हरियाणा (२००३) या निकालात त्याने म्हटले, की अपराध यादीत नसला तरी उच्च न्यायालय आपल्या अंगभूत अधिकारात असा गुन्हा रद्द करू शकते. हा अधिकार तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ मध्ये होता, आता तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ मध्ये आहे. ज्ञान सिंग विरुद्ध पंजाब (२०१२) या निकालाने मर्यादाही आखली: खून, बलात्कार यांसारखे गंभीर अपराध तडजोडीने पुसले जात नाहीत.

बहुतेक तडजोडी परस्परसंमतीच्या घटस्फोटाबरोबर होतात. ‘कन्सेंट टर्म्स’मध्ये, म्हणजे तडजोडीच्या लेखी अटींमध्ये, एकरकमी पोटगी, स्त्रीधन, मुलांचा ताबा आणि परस्परांविरुद्धचे दावे यांचा तपशील लिहिला जातो. खरी ओढाताण असते ती क्रमावरून. गुन्हा रद्द होण्याआधी सगळे पैसे दिले तर ती फिरेल, अशी त्याला भीती; आधी संमती दिली तर तो पैसे बुडवेल, अशी तिला. म्हणून रक्कम हप्त्यांत विभागतात आणि शेवटचा डिमांड ड्राफ्ट पुष्कळदा सुनावणीच्या दिवशीच दिला जातो. मुलाच्या पोटगीचा हक्क मात्र आईने सोडला म्हणून सुटत नाही.

त्या दिवशी पत्नीला सहसा स्वतः हजर राहावे लागते. तिचे प्रतिज्ञापत्र दाखल असते, ओळखपत्र पाहिले जाते, तिचा वकील तिची ओळख पटवतो. मग न्यायाधीश थेट तिला विचारतात: हे स्वतःच्या मर्जीने करताय का, कुणाचा दबाव नाही ना? अनेकदा काही मिनिटांत आदेश होतो. संपूर्ण प्रक्रियेत एवढाच एक क्षण तिच्या संमतीची परीक्षा घेणारा आहे. तो घाईत उरकला जाऊ नये. वर्षानुवर्षांच्या छळाची गोष्ट अशा वेळी एका ‘हो’वर बंद होते. परदेशी असलेल्या पक्षकारासाठी भारतीय वकिलातीत साक्षांकित केलेले प्रतिज्ञापत्र किंवा व्हिडिओ कॉन्फरन्सिंग यांचा आधार घेतला जातो.

तडजोडीचे फायदे घेऊन पत्नीने नंतर संमती नाकारली, तरी गुन्हा रद्द होऊ शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने रुची अगरवाल प्रकरणात (२००४) ठरवले.

सांगली, सातारा, सोलापूर, सिंधुदुर्गच्या लोकांना यासाठी मुंबई गाठावी लागे. ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचमुळे (फिरत्या खंडपीठामुळे) ती फेरी वाचली. तरीही उच्च न्यायालयाचा खर्च न झेपणाऱ्यांची वाट वेगळीच असते. खटला तालुक्याच्या कोर्टात चालू राहतो, साक्षीच्या पिंजऱ्यात फिर्यादी ‘असं काही घडलं नाही’ म्हणते, सरकारी वकील तिला फितूर जाहीर करण्याची परवानगी मागतो आणि आरोपी निर्दोष सुटतात. तक्रार खरी असेल, तर मिटवण्यासाठी तिला शपथेवर खोटे बोलावे लागलेले असते.